गर्भावस्थेतील नीलाविकारांचे संकेतांकन

गर्भावस्थेतील नीलाविकारांचे संकेतांकन : गर्भवती किंवा नुकत्याच प्रसूत झालेल्या स्त्रीच्या नीलांत (शरीराच्या निरनिराळ्या भागांतून हृदयाकडे रक्त परत आणणाऱ्या वाहिन्यांत; व्यवहारात यांनाच ‘शिरा’ म्हणतात) उद्‌भवणाऱ्या विकारांचे वैद्याने लिहिलेले निदान आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातील ठरावीक अक्षर-अंकचिन्हात मांडण्याच्या पद्धतीस ही संज्ञा लावतात. अशा चिन्हास ‘संकेतांक’ म्हणतात. पायांवरील शिरा फुगणे हा गर्भारपणी वारंवार आढळणारा व बहुधा निरुपद्रवी विकार आहे. उलट मांडीतील खोल नीलेत रक्ताची गुठळी होणे हा जिवावर बेतणारा विकार आहे. दोन्ही नीलांचेच विकार असल्याने आणि दोहोंतही पाय दुखणे व सुजणे ही लक्षणे असू शकत असल्याने त्यांची नोंद एकाच मोघम शब्दाने होण्याचा संभव असतो. त्यांना वेगवेगळे मोजणे आणि त्यांचा गर्भावस्थेशी असलेला संबंध नोंदीत टिकवून ठेवणे, हे या संकेतांकनाचे मुख्य कार्य होय.

गर्भावस्थेतील नीलांची स्थिती : वर्गीकरणातील उपविभाग समजण्यासाठी गर्भारपणात नीलांत होणारे बदल लक्षात घेणे आवश्यक आहे. गर्भावस्थेच्या अखेरीस मातेच्या रक्ताचे एकूण घनफळ सु. ४० ते ५० टक्क्यांनी वाढलेले असते. प्रोजेस्टेरॉन या हॉर्मोनामुळे नीलांच्या भित्तीतील अरेखित स्नायू सैल पडतात आणि नीला विस्फारतात. वाढत्या गर्भाशयाचा दाब अधोमहानीलेवर (शरीराच्या खालच्या भागातील रक्त हृदयाकडे नेणाऱ्या मुख्य नीलेवर) व श्रोणीतील नीलांवर पडतो. त्यामुळे पायांकडून वर येणाऱ्या रक्ताचा वेग मंदावतो व खालील नीलांतील दाब वाढतो. नीलांतील झडपा नीट मिटेनाशा झाल्या, म्हणजे त्वचेखालील नीला फुगून वेड्यावाकड्या दिसू लागतात. यांना ‘अपस्फीत नीला’ म्हणतात. हाच प्रकार भग व योनी यांच्या परिसरात, तसेच गुदद्वाराशी होतो. गुदद्वाराशी फुगलेल्या नीला म्हणजेच मूळव्याध होय. पाय उंच ठेवून विश्रांती घेणे, फार वेळ एका जागी उभे न राहणे, दाब देणारे लवचिक पायमोजे वापरणे इ. उपायांनी आराम पडतो आणि प्रसूतीनंतर हे विकार पुष्कळ प्रमाणात आपोआप कमी होतात.

रक्ताच्या गुठळीचा प्रश्न निराळा आहे. जर्मन विकृतिवैज्ञानिक रूडोल्फ फिरखो (१८२१–१९०२) यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्रयीनुसार रक्तप्रवाह मंदावणे, वाहिनीच्या भित्तीस इजा होणे आणि रक्ताची गोठण्याची प्रवृत्ती वाढणे या तीन कारणांनी वाहिनीत गुठळी बनते. गर्भावस्थेत ही तिन्ही कारणे एकत्र येऊ शकतात. प्रवाह मंदावतो, प्रसूतीच्या वेळी, विशेषतः उदरच्छेदनाने प्रसूती केल्यास, श्रोणीतील वाहिन्यांना इजा होते, आणि फायब्रिनोजन व इतर क्लथनकारक घटकांचे रक्तातील प्रमाण वाढते. शेवटचा बदल मुळात हितकारक आहे, कारण प्रसूतीच्या वेळच्या रक्तस्रावास तो आळा घालतो. परंतु त्याची किंमत गुठळीच्या वाढत्या धोक्याच्या रूपाने द्यावी लागते. त्याच वयाच्या गर्भवती नसलेल्या स्त्रियांच्या तुलनेने हा धोका सु. चार ते पाच पट असतो आणि प्रसूतीनंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत तो सर्वाधिक असतो. गर्भवतीच्या बाबतीत खोल नीलेतील गुठळी बहुधा डाव्या पायात आढळते, कारण त्या बाजूच्या श्रोणीतील नीलेवरून उजवी रोहिणी आडवी जाते व नीला तिच्याखाली दाबली जाते. गुठळीचा तुकडा सुटून रक्तप्रवाहाबरोबर फुप्फुसात जाऊन अडकला, तर त्यास ‘फुप्फुस अंतर्कीलन’ म्हणतात. त्यामुळे काही मिनिटांतही मृत्यू ओढवू शकतो [→ अंतर्कीलन].

क्वचित प्रसंगी गुठळी मेंदूतील नीलांत होते. तीव्र डोकेदुखी, झटके येणे, अर्धांग लुळे पडणे, बेशुद्धी ही तिची लक्षणे होत. भारतात हा विकार, विशेषतः सूतिकावस्थेत (प्रसूतीनंतरच्या सहा आठवड्यांच्या काळात), बऱ्याच प्रमाणात आढळल्याचे भारतीय तंत्रिकावैज्ञानिकांनी नोंदविले आहे. मदुराई येथील के. श्रीनिवासन यांनी १९८३ मध्ये प्रसिद्ध केलेला गर्भावस्था व सूतिकावस्था यांतील मेंदूच्या नीला व रोहिणी यांमधील गुठळ्यांचा अभ्यास १३५ रुग्णांवर आधारलेला होता.

ऐतिहासिक आढावा : बाळंतिणीचा पाय एकाएकी सुजून पांढराफटक व अतिशय वेदनायुक्त होण्याचा विकार यूरोपातील वैद्यांना फार पूर्वीपासून ठाऊक होता. स्तनांतून न निघालेले दूध पायात उतरते, अशी समजूत अठराव्या शतकात प्रचलित होती आणि त्यावरून या विकारास ‘दुधाळ पाय’ असे नावही पडले होते. श्रोणीतील व मांडीतील नीलांत होणारी गुठळी हे त्याचे खरे कारण पुढे शवविच्छेदनांवरून स्पष्ट झाले. विकाराचे नाव जर समजुतीवर आधारलेले असेल, तर त्या नावाने केलेली मोजणीही समजुतीपलीकडे जात नाही, याचे हे उदाहरण होय.

मृत्यूच्या कारणांची पद्धतशीर यादी करण्याचे काम इंग्लंडमध्ये विल्यम फार (१८०७–८३) यांनी व फ्रान्समध्ये झाक बेर्तीयाँ (१८५१–१९२२) यांनी केले. बेर्तीयाँ यांनी तयार केलेले वर्गीकरण आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या १८९३ मधील शिकागो अधिवेशनात मांडण्यात आले. त्याची पहिली आंतरराष्ट्रीय उजळणी १९०० मध्ये पॅरिस येथे झाली आणि त्यानंतर सु. दहा वर्षांच्या अंतराने नव्या आवृत्त्या निघत गेल्या. विसाव्या शतकाच्या आरंभीच्या यादीत बाळंतिणीचा पांढरा सुजलेला पाय, अंतर्कीलन आणि आकस्मिक मृत्यू या तिहींसाठी मिळून एकच शीर्षक होते. या यादीवरून आकस्मिकपणे मरण पावलेल्या बाळंतिणींपैकी किती जणी गुठळीने दगावल्या, हे सांगता येणे शक्य नव्हते.

१९४८ मधील सहाव्या आवृत्तीपासून या वर्गीकरणाची जबाबदारी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली. या आवृत्तीपासून मृत्यूच्या कारणांबरोबरच जिवंत रुग्णांच्या आजारांचाही वर्गीकरणात समावेश झाला. जीव न घेणारे पण त्रासदायक विकार, उदा., अपस्फीत नीला, यांना स्वतंत्र स्थान मिळण्यास हा बदल महत्त्वाचा ठरला. नवव्या आवृत्तीत गर्भावस्था व सूतिकावस्था या दोहोंतील नीलाविकारांसाठी ६७१ हा एकच तीन-अंकी गट होता. त्यात प्रसूतीपूर्वीची खोल नीलेतील गुठळी (६७१.३) व प्रसूतीनंतरची खोल नीलेतील गुठळी (६७१.४) असा भेद केलेला होता, मूळव्याधीचा समावेश मात्र ‘इतर’ या उपगटात (६७१.८) होत असे. दहाव्या आवृत्तीस जागतिक आरोग्य सभेने मे १९९० मध्ये मान्यता दिली. तीत अंकांच्या आधी रोमन लिपीतील एक अक्षर आले आणि गर्भावस्था व सूतिकावस्था यांचे गट वेगळे झाले.

दहाव्या आवृत्तीतील मांडणी : या आवृत्तीतील पंधरावे प्रकरण गर्भावस्था, प्रसूती व सूतिकावस्था यांना दिलेले असून त्यातील सर्व संकेतांक ‘ओ’ या रोमन अक्षराने सुरू होतात. हे अक्षर शून्याप्रमाणे दिसत असल्याने हस्तलिखित नोंदीत व संगणकात भरताना ते शून्य म्हणून लिहिले जाण्याची चूक होऊ शकते. ती टाळण्याविषयी संकेतांककारास दक्ष राहावे लागते.

गर्भावस्थेतील नीलाविकारांचा गट ‘ओ २२’ हा होय. त्याचे उपगट पुढीलप्रमाणे आहेत : (१) ओ २२.० – पायांतील अपस्फीत नीला. (२) ओ २२.१ – जननेंद्रियांच्या परिसरातील अपस्फीत नीला; (३) ओ २२.२ – त्वचेलगतच्या नीलेचा गुठळीयुक्त शोथ (दाहयुक्त सूज); (४) ओ २२.३ – खोल नीलेतील गुठळी. (५) ओ २२.४ – मूळव्याध. (६) ओ २२.५ – मेंदूतील नीलांतील गुठळी. (७) ओ २२.८ – इतर नीलाविकार. (८) ओ २२.९ – प्रकार न सांगितलेला नीलाविकार.

सूतिकावस्थेतील नीलाविकारांसाठी ‘ओ ८७’ हा गट आहे. त्यात त्वचेलगतच्या नीलेचा गुठळीयुक्त शोथ (ओ ८७.०), खोल नीलेतील गुठळी (ओ ८७.१), मूळव्याध (ओ ८७.२), मेंदूतील नीलांतील गुठळी (ओ ८७.३), इतर (ओ ८७.८) व प्रकार न सांगितलेला (ओ ८७.९) असे उपगट आहेत. गुठळी फुप्फुसात जाऊन अडकल्यास दोन्ही गट सोडून ‘ओ ८८’ या प्रसूतिविषयक अंतर्कीलनाच्या गटाकडे वळावे लागते. त्यातील ओ ८८.२ हा उपगट रक्ताच्या गुठळीमुळे होणाऱ्या अंतर्कीलनाचा आहे. गर्भपात, गर्भाशयाबाहेरील गर्भधारणा व द्राक्षगर्भ यांच्यानंतर उद्‌भवणारे नीलाविकारही ‘ओ २२’ मध्ये घेतले जात नाहीत. त्यांची सोय प्रकरणाच्या आरंभीच्या गटांत केलेली आहे.

हेच विकार गर्भवती नसलेल्या व्यक्तीस झाल्यास त्यांचे संकेतांक निराळ्या प्रकरणांत सापडतात. पायांतील अपस्फीत नीला ‘आय ८३’ मध्ये, फुप्फुस अंतर्कीलन ‘आय २६’ मध्ये, म्हणजे रुधिराभिसरण तंत्राच्या विकारांत मोडते. सर्वसाधारण मूळव्याध आरंभी ‘आय ८४’ या गटात होती. पुढे ती पचन तंत्राच्या प्रकरणात ‘के ६४’ या गटात हलविण्यात आली. गर्भवतीची मूळव्याध मात्र ‘ओ २२.४’ येथेच राहिली. यामागील तत्त्व असे की, स्त्री गर्भवती असताना विकार कोणत्या अवयवाचा आहे यापेक्षा तो गर्भावस्थेत झाला आहे, ही गोष्ट वर्गीकरणाच्या दृष्टीने अग्रक्रमाची ठरते.

संकेतांक ठरविण्याची रीत : दहावी आवृत्ती तीन खंडांत आहे. पहिल्या खंडात संकेतांकांची क्रमवार सारणी, दुसऱ्यात नियम व मार्गदर्शन आणि तिसऱ्यात वर्णानुक्रमे सूची दिलेली आहे. रुग्णालयाच्या वैद्यकीय अभिलेख विभागातील संकेतांककार वैद्याने लिहिलेल्या निदानातील मुख्य शब्द प्रथम सूचीत शोधतो, त्याखालील ‘गर्भावस्थेतील’ किंवा ‘सूतिकावस्थेतील’ हे उपशीर्षक पाहतो आणि तेथे मिळालेला संकेतांक सारणीत पडताळून पाहतो. ही पडताळणी टाळता येत नाही, कारण कोणते विकार या गटात धरावयाचे नाहीत, याच्या सूचना सारणीतच दिलेल्या असतात.

रीत स्पष्ट होण्यासाठी काही कल्पित उदाहरणे घेता येतील. (१) सात महिन्यांच्या गर्भवतीच्या पोटऱ्यांवरील शिरा फुगल्या आहेत. गर्भारपणापूर्वीही त्या थोड्या फुगलेल्या होत्या. येथे पूर्वीचा विकार असूनही गर्भावस्थेत त्यावर उपचार होत असल्याने ओ २२.० हा संकेतांक येतो. (२) गर्भवतीचा डावा पाय एकाएकी सुजला असून डॉप्लर श्राव्यातीत ध्वनी तपासणीत मांडीतील खोल नीलेत गुठळी दिसून आली आहे. येथे ओ २२.३ हा संकेतांक योग्य होय. (३) हाच प्रकार प्रसूतीनंतर दहाव्या दिवशी झाला, तर संकेतांक ओ ८७.१ होतो. (४) वैद्याने केवळ ‘गर्भवती, पायास सूज’ एवढेच लिहिले असेल, तर संकेतांककारास नीलाविकाराचा कोणताही संकेतांक देता येत नाही. सूज हे लक्षण आहे, निदान नव्हे. आणि तपासणीच्या कागदांवरून स्वतः निदान करण्याचा अधिकार संकेतांककारास नसतो. अशा वेळी वैद्याकडे लेखी विचारणा करून नोंद पुरी करून घेणे, हाच योग्य मार्ग होय.

‘ओ २२.९’ हा प्रकार न सांगितलेल्या विकारांचा संकेतांक सोयीचा वाटला, तरी त्याचा वापर अपरिहार्य असेल तेव्हाच करावा लागतो. या उपगटात त्वचेलगतच्या नीलेचा किरकोळ शोथ व खोल नीलेतील घातक गुठळी या दोन्ही सामावून जाऊ शकतात. अशा नोंदींची संख्या वाढली, तर आकडेवारी पूर्ण दिसते. पण तिच्यावरून कोणताही निर्णय घेता येत नाही.

अमेरिकेतील विस्तारित पद्धती : अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत दहाव्या आवृत्तीचा रुग्णालयीन कामासाठी विस्तारलेला पाठ १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आला. तेथे रुग्णालयास मिळणारा मोबदला संकेतांकांशी निगडित असल्याने तपशील अधिक बारकाईने मागितला जातो. त्या पाठात ‘ओ २२’ मधील प्रत्येक विकारापुढे गर्भावस्थेची तिमाही दर्शविणारा अंक जोडतात : १४ आठवडे पूर्ण होण्यापूर्वीचा काळ पहिली तिमाही (१), १४ आठवड्यांपासून २८ आठवडे पूर्ण होण्यापूर्वीपर्यंतचा काळ दुसरी (२), त्यानंतर प्रसूतीपर्यंतचा काळ तिसरी (३) आणि तिमाही नमूद नसल्यास शून्य (०). वर दिलेल्या दुसऱ्या उदाहरणातील स्त्री ३२ आठवड्यांची गर्भवती असेल, तर मुख्य संकेतांक ओ २२.३३ असा होतो. त्याच्या जोडीला डाव्या ऊरुनीलेतील (मांडीतील प्रमुख नीलेतील) ताज्या गुठळीचा आय ८२.४१२ आणि गर्भावस्थेचा ३२ वा आठवडा दाखविणारा झेड ३ ए.३२ हे संकेतांक द्यावे लागतात. क्लथनरोधी (रक्त गोठू न देणारे) औषध दीर्घकाळ चालू असल्यास त्यासाठीही वेगळा संकेतांक आहे.

या जोडसंकेतांकांचा क्रम ठरलेला असतो. पंधराव्या प्रकरणातील संकेतांक नेहमी आधी येतो व इतर प्रकरणांतील संकेतांक त्याच्या मागून येतात. हे संकेतांक केवळ मातेच्या नोंदीत वापरावयाचे असतात. अर्भकाच्या नोंदीत ते कधीही येत नाहीत. रुग्णालयातील वास्तव्य दोन तिमाहींत विभागले गेले, तर विकार ज्या तिमाहीत उद्‌भवला ती तिमाही धरतात. तेथे पायांतील अपस्फीत नीलांसाठी सूतिकावस्थेचाही स्वतंत्र उपगट (ओ ८७.४) आहे, मूळ आंतरराष्ट्रीय पाठात तो नव्हता. विकाराचा गर्भावस्थेवर काहीही परिणाम नाही, असे वैद्याने स्पष्ट लिहिले असेल, तरच पंधराव्या प्रकरणाबाहेरचा संकेतांक मुख्य म्हणून देता येतो.

तिमाहीचा तपशील निव्वळ हिशेबाचा नाही. क्लथनरोधी औषधांपैकी हेपारीन वारेतून गर्भाकडे जात नाही. वॉरफारीन मात्र जाते व गर्भावस्थेच्या सुरुवातीच्या आठवड्यांत गर्भात व्यंग निर्माण करू शकते. गुठळी कोणत्या महिन्यांत झाली हे नोंदीत असल्यास औषधयोजना व तिचे परिणाम यांचा नंतर अभ्यास करता येतो.

मृत्यूची नोंद : आंतरराष्ट्रीय व्याख्येनुसार गर्भावस्थेत किंवा ती संपल्यापासून ४२ दिवसांच्या आत, गर्भावस्थेशी वा तिच्या उपचारांशी संबंधित कारणाने झालेला मृत्यू हा मातामृत्यू होय, अपघाती वा आनुषंगिक कारणांनी झालेला मृत्यू त्यात धरीत नाहीत. ४२ दिवसांनंतर पण एक वर्षाच्या आत झालेल्या प्रसूतिविषयक मृत्यूसाठी ‘ओ ९६’ हा वेगळा गट आहे.

भारतात १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियमानुसार मृत्यूच्या कारणाचे वैद्यकीय प्रमाणपत्र देण्याची तरतूद आहे. त्या प्रमाणपत्रात मृत्यूचे निकटचे कारण, त्यामागील कारणे आणि सर्वांच्या मुळाशी असलेले कारण ओळीने लिहावयाचे असते. मृत व्यक्ती स्त्री असल्यास मृत्यूचा गर्भावस्थेशी संबंध होता काय व प्रसूती झाली होती काय, असे प्रश्नही त्यात विचारलेले असतात. या जागा कोऱ्या राहिल्या, तर काय होते ते पाहण्यासारखे आहे. उदरच्छेदनाने प्रसूत झालेली स्त्री बाराव्या दिवशी घरी एकाएकी धाप लागून मरण पावली, असे समजू. प्रमाणपत्रात केवळ ‘हृदयक्रिया व श्वसन बंद पडणे’ असे लिहिले, तर ते मृत्यूचे वर्णन होते, कारण नव्हे. ‘फुप्फुस अंतर्कीलन’ एवढेच लिहिले, तर संकेतांक आय २६ मिळतो आणि तो मृत्यू स्त्री-पुरुष, तरुण-वृद्ध अशा सर्वांच्या मृत्यूंत मिसळून जातो. ‘फुप्फुस अंतर्कीलन, डाव्या पायातील खोल नीलेतील गुठळी, बारा दिवसांपूर्वी प्रसूती’ असे लिहिले, तरच ओ ८८.२ हा संकेतांक मिळून तिची गणना मातामृत्यूंत होते. तिन्ही नोंदी एकाच स्त्रीच्या आहेत. फरक आहे तो लिहिणाऱ्याने टाकलेल्या किंवा गाळलेल्या चार-पाच शब्दांचा.

अशा त्रुटी भरून काढण्यासाठी भारतात २०१० मध्ये मातामृत्यूंच्या परीक्षणाची व २०१७ मध्ये मातामृत्यू संनियंत्रण व प्रतिसाद यांची मार्गदर्शक तत्त्वे लागू करण्यात आली. त्यांनुसार रुग्णालयातील कागदपत्रे तपासली जातात आणि वस्तीत जाऊन कुटुंबियांकडूनही माहिती घेतली जाते. दहाव्या आवृत्तीचा मातामृत्यूंसाठी वापर कसा करावा, याविषयीची पुस्तिका जागतिक आरोग्य संघटनेने २०१२ मध्ये प्रसिद्ध केली.

उपयोग : काळजीपूर्वक केलेल्या नोंदीचा उपयोग कसा होतो, याचे ठळक उदाहरण ब्रिटनमध्ये आढळते. इंग्लंड व वेल्समध्ये १९५२ पासून प्रत्येक मातामृत्यूची गोपनीय चौकशी करण्याची पद्धत सुरू झाली व पुढे ती सर्व ब्रिटनभर लागू झाली. चौकशीच्या लागोपाठच्या अहवालांत नीलांतील गुठळी व अंतर्कीलन हे तेथील प्रत्यक्ष प्रसूतिविषयक मातामृत्यूंचे अग्रगण्य कारण असल्याचे दिसत राहिले. गुठळीचा धोका कोणत्या स्त्रियांना अधिक असतो, हेही त्यांवरून कळले : वय अधिक असणे, स्थूलता, पूर्वी गुठळी झालेली असणे, उदरच्छेदन, दीर्घकाळ अंथरुणावर पडून राहणे इत्यादी. यानुसार २००४ मध्ये प्रतिबंधक हेपारीन केव्हा द्यावे याची मार्गदर्शक तत्त्वे प्रसृत झाली. २००३–०५ या तीन वर्षांत या कारणाने ४१ माता मरण पावल्या होत्या. २००६–०८ या तीन वर्षांत ही संख्या १८ वर आली. तथापि या विकाराचा धोका नाहीसा झाला नाही. पुढील अहवालांत तो पुन्हा प्रत्यक्ष कारणांत अग्रस्थानी आला. ही मोजणी केवळ प्रमाणपत्रांवरील संकेतांकांवर विसंबून नव्हती. प्रत्येक मृत्यूचे कागद उघडून पाहिल्यामुळे ती विश्वसनीय ठरली, ही गोष्टही लक्षात घेण्याजोगी आहे.

संकेतांकांचे इतरही उपयोग आहेत. रुग्णालयात एका वर्षात किती गर्भवतींना गुठळी झाली हे त्यांवरून काढता येते, त्यानुसार औषधसाठा व तपासणीची साधने यांची तरतूद करता येते आणि निरनिराळ्या राज्यांतील वा देशांतील स्थितीची तुलना करता येते. भारतातील आरोग्यविम्याच्या दाव्यासाठी रुग्णालयाने भरावयाच्या प्रमाणित अर्जातही निदानाचा संकेतांक विचारलेला असतो. अर्थात विम्याच्या सोयीसाठी निवडलेला संकेतांक व वैद्यकीयदृष्ट्या खरा संकेतांक यांत तफावत पडली, तर आकडेवारी दूषित होते.

अकरावी आवृत्ती : या आवृत्तीचा स्वीकार जागतिक आरोग्य सभेने मे २०१९ मध्ये केला व ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली; तथापि निरनिराळे देश तिच्याकडे आपापल्या गतीने वळत आहेत. ही आवृत्ती मुळातच संगणकासाठी रचलेली आहे. तीत गर्भावस्था, प्रसूती व सूतिकावस्था यांचे प्रकरण अठरावे असून त्यातील संकेतांक ‘जे’ या अक्षराने सुरू होतात. शून्य व एक या अंकांशी गोंधळ होऊ नये म्हणून ‘ओ’ व ‘आय’ ही अक्षरे या आवृत्तीत संकेतांकांसाठी वापरलेली नाहीत. विकाराची बाजू, तीव्रता, शरीरातील नेमके स्थान इ. तपशील मूळ संकेतांकास इतर संकेतांक जोडून दर्शविता येतात. त्यामुळे प्रत्येक तपशिलासाठी स्वतंत्र संकेतांक तयार करण्याची गरज कमी झाली आहे.

मर्यादा : आवृत्ती कोणतीही असली, तरी संकेतांक हा मूळ नोंदीपेक्षा अधिक काही सांगू शकत नाही. जेथे श्राव्यातीत ध्वनी तपासणीची सोय नाही, तेथे खोल नीलेतील गुठळीचे निदान निश्चित होत नाही. जेथे प्रसूती घरी होते व मृत्यूही घरीच होतो, तेथे निदान लिहिणारा वैद्यच नसतो. अशा भागांतील आकडेवारीत हा विकार विरळ दिसला, तर तो खरोखर विरळ आहे असे अनुमान काढता येत नाही. नोंदीत पुढील चार गोष्टी स्पष्ट असणे आवश्यक आहे : स्त्री गर्भवती आहे की प्रसूत झालेली, किती आठवडे किंवा दिवस झाले, विकार त्वचेलगतच्या नीलेचा आहे की खोल नीलेचा, आणि निदान कोणत्या तपासणीने ठरले. या चार गोष्टी लिहिलेल्या असतील, तर योग्य संकेतांक शोधणे हे केवळ सूची चाळण्याचे काम उरते. त्या लिहिलेल्या नसतील, तर पुढील कोणत्याही टप्प्यावर त्या भरून काढणे अवघड असते आणि गुठळीने दगावलेली माता गणनेतूनही नाहीशी होते.